उनाडाचा ठावठिकाणा

या पुस्तकातला तारा खोटा आहे. तो कोणत्याही तारानकाशात किंवा यादीत सापडणार नाही, तेव्हा दुर्बीण घेऊन शोधायच्या भानगडीत कुणी पडू नये. मात्र त्याच्याभोवती रचलेल्या बऱ्याच गोष्टी खऱ्या आहेत. त्या कुठल्या आणि कुठून आल्या हे सांगायचं, म्हणून ही प्रस्तावना कथासंग्रहाला शोभते त्याहून जरा लांबली आहे. ज्यांना थेट कथांकडे जायचं आहे त्यांनी खुशाल पानं उलटावीत.

ताऱ्याचं नाव उनाड. तो आज जितका उजळ आहे तितका उद्या असेलच याचा भरवसा नाही. आकाशगंगेत तो ज्या वाटेनं चालला आहे ती वाटही शेजारच्या ताऱ्यांची नाही. त्याच्याभोवती एक ग्रह, ग्रहावर माणसं, आणि त्या माणसांच्या या कथा. ती माणसं तिथं पोचली कशी, हे पहिल्या कथेत एका वाक्यात उरकलं आहे. मला त्या प्रवासात रस नव्हता. पोचल्यावर चूल कशी पेटते, यात होता.

मी कागलच्या पंचतारांकित एमआयडीसीतल्या एका फौंड्रीच्या प्रयोगशाळेत नोकरी करतो. जेवणाच्या सुट्टीत लिहिलेलं वाचून दाखवायची खोड जुनी. पहिली कथा ऐकल्यावर भट्टीवरचे एक मामा म्हणाले, “सगळं झॅक हाय. पर त्यो तारा मधनंच मंद का हुतोय?”

“लहरी आहे तो, मामा.”

“आसं न्हाई चालत. भट्टी उगंच थंड पडत न्हाई, काय तरी कारण असतंयच. गोष्ट तुमची हाय न्हवं? मग कारण तुमास्नी ठावं पायजे. लोकास्नी सांगा न्हाईतर नगा सांगू.”

विज्ञानकथेवर मी जी काही समीक्षा वाचली आहे तिच्यात यापेक्षा नेमकं वाक्य मला सापडलेलं नाही. या पुस्तकाचा सगळा खटाटोप त्या एका वाक्यापायी झाला. तारा बेभरवशाचा असू शकतो, लेखकाला तशी मुभा नाही.

खऱ्या आकाशात अशा ताऱ्यांची वाण नाही. ययातीतला अल्गूल जवळपास दोन दिवस एकवीस तासांनी मंदावतो आणि काही तास जेमतेम एक तृतीयांश तेजावर राहतो. (ययाति म्हटलं की कोल्हापूरकराला आधी खांडेकर आठवतात. इथं तारकासमूह अभिप्रेत आहे.) १७८३ साली जॉन गुडरिक या ऐकू न येणाऱ्या अठरा वर्षांच्या इंग्रज मुलानं कारण सुचवलं, की कुठलीतरी अंधारी वस्तू त्याच्यापुढून जात असावी. ते कारण बरोबर निघालं. तिथं एकमेकांभोवती फिरणारे दोन तारे आहेत आणि मंद तारा उजळ ताऱ्याला ठरल्या वेळी झाकतो. तिमिंगलातला मीरा हा तारा १५९६ मध्ये फॅब्रिशियसच्या नजरेत भरला. तो फुगतो, आक्रसतो आणि साधारण अकरा महिन्यांनी पुन्हा उजळतो. आपल्याकडचं उदाहरण द्यायचं तर मद्रासच्या वेधशाळेत चिंतामणी रघुनाथाचारी यांनी १८६७ मध्ये रेटिक्युलम या दक्षिणेकडच्या तारकासमूहात असाच एक रूपविकारी तारा शोधला. पण हे सगळे एका अर्थानं शिस्तीचे तारे. त्यांचं वेळापत्रक मांडता येतं.

खरा उनाडपणा पाहायचा तर उत्तर मुकुटात जावं लागतं. तिथला ‘आर’ हा तारा एरवी दृष्टीच्या अगदी कडेवर, अंधाऱ्या जागेवरून जेमतेम दिसेल इतका असतो. तसाच वर्षानुवर्षं राहतो आणि मग काही आठवड्यांत हजारो पटींनी मंदावतो. कधी मंदावेल याचा नेम नाही. २००७ मध्ये तो जो मावळला तो कित्येक वर्षं नीट वर आलाच नाही. कारण काजळी. हा तारा अधूनमधून कार्बनचे लोट बाहेर टाकतो, लोट थंड होऊन त्यांची काजळी धरते, आणि एखादा लोट आपल्या दिशेनं आला की तो ताऱ्यालाच झाकतो. मृगातला काक्षी २०१९ च्या अखेरीला मंद होऊ लागला तेव्हा तो आता फुटणार अशा बातम्या झळकल्या. निघालं काय, तर त्यानंच बाहेर टाकलेली धूळ आणि पृष्ठभागावरचा थंडावलेला भाग. फेब्रुवारी २०२० नंतर काक्षी पुन्हा सावरला. हंसातल्या टॅबीच्या ताऱ्याचा उजेड मध्येच २२ टक्क्यांपर्यंत घटल्याचं केपलर दुर्बिणीनं टिपलं होतं. २०१५ मध्ये ते जाहीर झालं तेव्हा परग्रहवासीयांनी त्याच्याभोवती काही बांधलं असावं इथवर चर्चा गेली. पुढच्या निरीक्षणांत लाल उजेडापेक्षा निळा उजेड जास्त अडतो असं दिसलं. असं धूळ करते, बांधकाम करत नाही. पण ती धूळ येते कुठून, यावर अजून एकमत नाही.

फरक इथेच आहे. टॅबीचा तारा कारण न देता आकाशात राहू शकतो, त्याला कुणी खोटं म्हणणार नाही. उनाडाला ती सवलत नाही. खऱ्या ताऱ्याचं न उलगडणं हे कुतूहल ठरतं, कल्पित ताऱ्याचं न उलगडणं ही लेखकाची चालढकल.

म्हणून उनाडाच्या मंदावण्याला कारण दिलं आहे. त्याच्या ग्रहाच्या कक्षेच्या आत पूर्वी आणखी एक ग्रह होता. तो फुटला. त्याचे तुकडे अजून फिरतात, एकमेकांवर आदळतात, नवी धूळ उठते, आणि ती ग्रह व तारा यांच्या मधे आली की दिवस मळकट होतो. तारा स्वतः शांत आहे, बदनामी मात्र त्याच्या नावावर. तिथली माणसं या मंदावण्याला सावट म्हणतात. लहान सावट दोन-चार दिवसांचं, मोठं चाळीस दिवसांपर्यंतचं. उजेड कायमचा वीस टक्के घटला तर अशा ग्रहाचं सरासरी तापमान ढोबळमानानं पंधरा अंशांनी उतरेल, पण चार दिवसांत समुद्र काही थंड होत नाही. त्यामुळे लहान सावटात फक्त कोंबड्या लवकर खुराड्यात जातात. मोठ्या सावटात पीक जातं.

कथा लिहायला घेण्याआधी साठ वर्षांच्या सावटांचं कोष्टक तयार केलं. ते पुस्तकाच्या शेवटी दिलं आहे. नंतर त्याला हात लावला नाही. चौथ्या कथेतल्या लग्नाच्या दिवशी सावट यावं असं फार वाटत होतं, प्रसंग असा काही रंगला असता! कोष्टकात त्या दिवशी सावट नव्हतं. लग्न लख्ख उजेडात लागलं.

आता लोखंडाविषयी, कारण हे पुस्तक शेवटी त्याच्यावर येऊन थांबतं.

आमच्याकडे इंडक्शन भट्टीत धातू तयार झाला की ओतण्याआधी लांब दांड्याच्या चमच्यानं थोडा रस काढून तांब्याच्या साच्यात टाकतात. रुपयाच्या नाण्याहून मोठी, पांढरी पडलेली चकती हाती येते. ती ग्राइंडरवर घासून सपाट करायची, स्पेक्ट्रोमीटरच्या भोकावर पालथी ठेवायची, दट्ट्या लावायचा आणि बटण दाबायचं. आधी आर्गॉनची फूस, मग ठिणग्यांचा तडतडाट, आणि अर्ध्या मिनिटाच्या आत पडद्यावर कार्बन, सिलिकॉन, मँगनीज, गंधक, फॉस्फरस यांचे आकडे ओळीनं उभे राहतात. चकतीवर काळ्या कडेचा जळका डाग उरतो. एकावर विश्वास नको म्हणून शेजारी दुसरा डाग पाडायचा. आकडे जुळले की हीट नंबर लिहून भट्टीवर फोन: सोडा. तोवर लॅडल, म्हणजे रस ओतायचं भांडं, घेतलेला माणूस तिकडे खोळंबलेला असतो आणि फोन उशिरा गेला तर काय ऐकावं लागतं ते छापण्याजोगं नाही.

ठिणगीत तापलेलं प्रत्येक मूलद्रव्य आपापल्या ठरलेल्या रंगांचा उजेड देतं आणि यंत्र ते रंग वेगळे करून मोजतं. ही युक्ती किर्खहोफ आणि बुन्सेन यांची, १८५९–६० ची. त्यांनी ती लगेच सूर्यावर वापरली. ताऱ्यावर काय आहे हे माणसाला त्याच्यावर न जाता कळतं ते यामुळंच. फरक इतकाच की ताऱ्याची चकती घासावी लागत नाही. (विजयदुर्गावर ‘साहेबाचे ओटे’ दाखवून हेलियम इथं १८६८ साली सापडला असं सांगतात. या शोधाशी नाव जोडलेले खगोलशास्त्रज्ञ लॉक्यर तिथं आले ते १८९८ च्या ग्रहणाला. १८६८ मध्ये ते इंग्लंडातूनच सूर्याचा वर्णपट पाहत होते. ओटे पाहायला जरूर जावं, तारीख तेवढी घरून नेऊ नये.)

ताऱ्यांचं लोखंड मोजलं की त्यांची पिढी कळते. विश्वाच्या आरंभी हायड्रोजन आणि हेलियम सोडले तर जवळजवळ काही नव्हतं. जड मूलद्रव्यं ताऱ्यांच्या पोटात शिजली, तारे फुटल्यावर बाहेर पडली आणि पुढच्या पिढीच्या ताऱ्यांत मिसळली. लोखंडापाशी हा व्यवहार थांबतो, कारण लोखंडाच्या अणुकेंद्रांचं मीलन करून ताऱ्याला ऊर्जा मिळत नाही, उलट द्यावी लागते. मोठ्या ताऱ्याच्या गाभ्यात लोखंड साठलं की तो कोसळतो. हे गणित मांडणाऱ्यांत फ्रेड हॉईल अग्रभागी. बर्बिज दांपत्य आणि फाउलर यांच्यासह त्यांनी लिहिलेला प्रसिद्ध निबंध १९५७ चा. त्याच वर्षी हॉईल यांची ‘द ब्लॅक क्लाउड’ ही कादंबरी आली. तिच्यात अवकाशातून आलेला एक ढग सूर्याला झाकतो. उनाडाच्या सावटावर तिचं ऋण आहे, ते इथं नोंदवून ठेवतो.

आणि त्याच १९५७ मध्ये जयंत नारळीकर केंब्रिजला दाखल झाले, पुढे हॉईल यांचे विद्यार्थी झाले. नारळीकरांचा जन्म १९ जुलै १९३८ चा, कोल्हापुरातला. वाढले ते बनारसला, वडील विष्णू वासुदेव नारळीकर हिंदू विश्वविद्यालयात गणिताचे प्राध्यापक होते म्हणून. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेला ‘कृष्णविवर’ ही कथा आली, लेखकाचं नाव नारायण विनायक जगताप. नावाची आद्याक्षरं उलटी वाचली की लेखक सापडतो. अक्षर ओळखलं जाऊ नये म्हणून कथा पत्नी मंगलाताईंच्या हातानं लिहून पाठवली होती. कथेला पहिलं बक्षीस मिळालं. तोवर नारळीकरांना पद्मभूषण मिळून नऊ वर्षं झाली होती. नावावर काही खपवायचं नव्हतं, कथा कथा म्हणून उतरते का एवढंच पाहायचं होतं. १९७९ मध्ये ‘यक्षांची देणगी’ आलं. २० मे २०२५ ला पुण्यात ते गेले. नारळीकरांच्या कथांवर पात्रं सपाट असतात हा आक्षेप घेतला जातो आणि तो अगदीच गैरलागू नाही. पण त्यांच्या कथेतलं कृष्णविवर कृष्णविवरासारखं वागतं. मराठीत त्याआधी ही अपेक्षा कुणी लेखकाकडून ठेवत नव्हतं.

कल्पित गोलाचा पत्ता देण्याची चाल आपल्या भागात त्याहूनही जुनी आहे. बागलकोटला शिक्षक असलेले व्यंकटेश बापूजी केतकर यांनी १९११ मध्ये फ्रान्सच्या ज्योतिष परिषदेच्या पत्रिकेत नेपच्यूनच्या पलीकडे दोन ग्रह असावेत असं लिहिलं. नावं ठेवली ब्रह्मा आणि विष्णू. ब्रह्माचं सूर्यापासूनचं अंतर त्यांनी पृथ्वीच्या सुमारे ३९ पट दिलं, प्रदक्षिणेचा काळ २४२ वर्षं. १९३० मध्ये प्लुटो सापडला. अंतर साधारण साडेएकोणचाळीस पट, काळ २४८ वर्षं. त्याच वर्षी केतकर वारले. प्लुटो इतका हलका निघाला की ही जुळणी योगायोगच मानावी लागते. विष्णू तर सापडलाच नाही. मला यातलं मोठेपण बरोबर येण्यात वाटत नाही. न पाहिलेल्या ग्रहाचं अंतर आणि काळ आकड्यांत लिहून देणारा माणूस आपण चुकीचे ठरू शकतो असं आधीच मान्य करतो. कथालेखकानं निदान तेवढं धाडस दाखवावं.

कारखान्यात बसून साहित्य कसलं करता, असंही विचारलं जातं. विचारणाऱ्यांना मी किर्लोस्करवाडी दाखवतो. लोखंडी नांगर घडवणाऱ्या त्या कारखान्यातून शंकरराव किर्लोस्करांनी १९२० मध्ये ‘किर्लोस्कर खबर’ काढलं. मराठीतलं एक अव्वल मासिक ओतकामाच्या आवारात जन्मलं आहे, आणि ते आमच्यापासून फार लांब नाही.

तर उनाडाचा ठावठिकाणा. कल्पित तारा ठेवायचा कुठं, ही अडचण पूर्वी नव्हती. आज गाया या अवकाशयानानं एक अब्जाहून अधिक ताऱ्यांची स्थानं मोजून ठेवली आहेत. सूर्याच्या आसपास साठ-सत्तर प्रकाशवर्षांत नारिंगी तारा घुसवला तर एखादा जागरूक वाचक यादी उघडून दुसऱ्या दिवशी तो रद्द करेल. म्हणून उनाड आकाशगंगेच्या केंद्राच्या पलीकडच्या बाजूला ठेवला आहे. केंद्र आपल्यापासून सुमारे २६,००० प्रकाशवर्षं, धनू राशीच्या दिशेनं. मधे धुळीचे दाट पट्टे. त्यांच्यामागे नेमकं काय आहे ते ताऱ्यागणिक कुणी मोजलेलं नाही. मात्र यामुळे उनाडाच्या आकाशात मृग नाही, सप्तर्षी नाहीत, आपला सूर्यही नाही. तिथं पोचलेल्यांच्या दुसऱ्या पिढीनं स्वतःची नक्षत्रं पाडली. दोन बैल, तुटकं जू, लॅडल.

त्याची वाट निराळी असण्यालाही कारण आहे. सूर्यासारखे बहुतेक तारे आकाशगंगेच्या तबकडीत एकाच दिशेनं फिरतात. तबकडीबाहेरच्या विरळ प्रभामंडलातले म्हातारे तारे मात्र वाटेल त्या कोनानं येतात, तबकडी छेदून निघून जातात. आपल्यापासून जेमतेम तेरा प्रकाशवर्षांवरचा काप्टाइनचा तारा यातलाच, तो चक्क उलट्या दिशेनं चालला आहे. उनाड त्याचा दूरचा भाऊबंद. शेजाऱ्यांच्या मानानं त्याचा वेग सेकंदाला २०० किलोमीटर धरला आहे. हा वेग ऐकायला अचाट, पण एक प्रकाशवर्ष कापायला त्यालाही पंधराशे वर्षं लागतात.

अशा म्हाताऱ्या ताऱ्यांत लोखंड फार कमी असतं. उनाडात ते सूर्याच्या तिसाव्या हिश्शाएवढं आहे. गंमत अशी की ऑक्सिजन, मॅग्नेशियम, सिलिकॉन या जातकुळीत त्या मानानं बरे असतात. मोठे तारे लवकर फुटले आणि ते देऊन गेले. लोखंडाचा मोठा वाटा टाकणारे दुसऱ्या प्रकारचे स्फोट सावकाश, पुढच्या काळात झाले. पृथ्वीच्या वस्तुमानाचा जवळजवळ तिसरा हिस्सा लोखंड आहे. उनाडाच्या ग्रहाला त्यातलं थोडंच मिळालं आणि तेही बहुतेक गाभ्यात बुडालं. म्हणजे तिथं साच्याला वाळू मुबलक, ओतायला लोखंड नाही. कागलच्या माणसाला याहून वाईट जागा मला सुचली नाही. येताना आणलेला प्रत्येक खिळा तिथं वहीत नोंदलेला असतो, विळा आंदण म्हणून जातो आणि गंज हा गुन्ह्याच्या बरोबरीचा विषय आहे. तिसरी, सहावी आणि नववी कथा यातून आल्या.

बाकी थोडक्यात. उनाडाचं वस्तुमान सूर्याच्या सात दशांश, पृष्ठभाग सुमारे ४,१०० अंश सेल्सियस, सूर्याचा साडेपाच हजार. ग्रहाचं वर्ष ११५ दिवसांचं, त्यामुळे वयाच्या गप्पा वाचताना सांभाळावं. बारा वर्षांचं पोर तिथं अजून पाळण्याजवळच घुटमळतं. मुखपृष्ठावर लालभडक दिवस काढायचा असा चित्रकाराचा आग्रह होता. आमची ओतायची धार १,४०० अंशांची, जुन्या पिवळ्या बल्बची तार साधारण अडीच हजारांची. उनाड त्या बल्बाहूनही बराच तापलेला आहे, तेव्हा तिथला दिवस आपल्या डोळ्यांना किंचित पिवळसर वाटेल, लाल नव्हे. शेवटी मुखपृष्ठावर फक्त वाळूचा साचा आला.

आयझॅक असिमॉव्हच्या १९४१ मधल्या ‘नाइटफॉल’ कथेत सहा सूर्यांच्या ग्रहावर दोन हजारांहून अधिक वर्षांनी एकदा रात्र पडते आणि संस्कृती वेडीपिशी होते. ती कथा थोर आहे, तिचा शेवट मला पटत नाही. वरचेवर अंधारणाऱ्या जगात माणसं वेडी होणार नाहीत. ती सावट आलं की वाळवण आत घेतील आणि उधारी पुढं ढकलतील. कागलच्या पुढं दूधगंगेपलीकडे कर्नाटक लागतं. सीमेवरची गावं दोन राज्यांचे दोन कारभार सांभाळत कशी नांदतात हे ज्यानं पाहिलं आहे त्याला हे वेगळं सांगायला नको.

वाचकांना एकच विनंती. कथा वाचून झाल्या की मागचं कोष्टक काढून दिवस ताडून पाहा. एखादं सावट भलत्याच तारखेला पडलेलं दिसलं तर प्रकाशकांच्या पत्त्यावर अवश्य लिहा. पुढच्या आवृत्तीत दुरुस्ती कथेत होईल, कोष्टकात होणार नाही.